कोसमटोल्याचा वेल

वेलबाई कुणालाही रस्ता तोंडाने सांगत नसत. आरमोरीहून कुरखेड्याकडच्या जंगलात निघालेला वाटसरू त्यांच्या अंगणात आला, की त्या त्याचा हात धरून मांडवावरच्या एका वेलावर ठेवायच्या. "जा बोटानं. गाठ लागली का नाला समजा, काटा लागला का अस्वलाची जागा." माणूस डोळे मिटून मांडवभर फिरायचा आणि मग जंगलात कधी चुकायचा नाही.

चांदा जिल्हा तेव्हा अखंड होता. मी जंगल खात्यात नकाशे काढायचो आणि स्वतःला फार शहाणा समजायचो. बाई माझी मजा घ्यायच्या. "भाऊ, तुमच्या कागदाले पानी लागलं का सडते. माह्या नकाशाले पानी नाई भेटलं तं मरते." मी त्यांच्याकडचा गुळाचा चहा पिऊन परत यायचो.

बाईंसारख्या वेलकऱ्यांची तेव्हा पाच-सहा घरं होती. वाट आधी अनवाणी चालायची, पलीकडच्या गावची ओंजळभर माती आणायची आणि त्या मातीत त्या वाटेचा वेल लावायचा, अशी त्यांची रीत. गाव उठलं, तर महिन्याच्या आत वेल मुळापासून तोडायचा आणि त्या दिवशी मीठ खायचं नाही. कारण वेल हिरवा असेतो वाट चालू राहते. उठलेल्या गावाची वाट चालू राहिली, तर तिथे माणसं नसतात, पण वाट पाहणारं कुणीतरी असतं.

बाईंची एकुलती एक लेक सुगंधा कोसमटोल्यात दिली होती. वरातीच्या बंडीमागे बाई अनवाणी चालत गेल्या होत्या आणि पदरात माती घेऊन परतल्या होत्या. पुढे देवीची साथ आली आणि कोसमटोल्यात चूल पेटवायलाही कुणी उरलं नाही. सुगंधाही गेली. वेलकऱ्यांचे मुखिया आबाजी विळा घेऊन आले, तेव्हा बाई वेलासमोर उभ्या राहिल्या. "पानं हिरवी हायेत अजून. जित्या वेलाले कशी कापू?" आबाजी तसेच परत गेले. महिना उलटला तरी बाई त्या वेलाला पाणी घालत होत्या. मी रोज पाहत होतो आणि काही बोललो नाही. मला त्यांची दया येत होती.

मग एकदा मुनीरभाई चुडीवाले आले. ते नुकतेच या भागात फिरू लागले होते, त्यांना काही ठाऊक नव्हतं. खुशीत सांगू लागले, "बाई, तुमच्या वेलानं कोसमटोल्याले जाऊन आलो. एकाच पोरीनं हिरव्या चुडिया भरल्या. म्हणे, मायले सांगा, मले न्यायले ये."

बाईंनी एवढंच विचारलं, "हात गरम होता का थंडा?"

मुनीरभाईंनी आपल्या बोटांकडे पाहिलं आणि ते खाली बसले. पुन्हा ते त्या बाजूला फिरकले नाहीत.

नंतर आरमोरीचे दोघे मोहफुलं वेचायला त्या वाटेने गेले, ते आलेच नाहीत. आबाजी पुन्हा आले, या वेळी हात जोडून. "बाई, तुमची एक पोरगी गेली. आता लोकायची पोरं जाऊन राह्यली."

बाईंनी वेलावरून हात फिरवला. मग म्हणाल्या, "तीन दिवस द्या. मी तिले घेऊन येतो, नाई तं भेटून येतो. चवथ्या दिवशी सकाळी मी नसली तं वेल तोडा." घरातला विळा आणून त्यांनी माझ्या हातात दिला. "आबाजी घाई करन. तुम्ही सरकारी मानूस, वेळेचे पक्के."

त्याच सकाळी बाई अनवाणी निघाल्या. दोन दिवस मी मांडवातच बसून राहिलो.

तिसऱ्या दिवशी दुपारी, हरवलेल्या दोघांपैकी एकाची बायको कडेवर लेकरू घेऊन आली. मी उठेपर्यंत तिचा हात कोसमटोल्याच्या वेलावर गेला होता. "ते हाका मारून राह्यले, भाऊ. तुमाले आयकू येत नाई काय?" मला काही ऐकू येत नव्हतं, पण लेकरू जंगलाकडे पाहून हसत होतं. मी तिचा दंड धरला. तिने हिसडा दिला आणि कुंपण ओलांडून जंगलाकडे चालू लागली. मी ओरडलो, तिने मागे पाहिलं नाही. मग मी वेलाच्या मुळावर विळा चालवला.

ती जागच्या जागी थांबली. झोपेतून उठल्यासारखी इकडेतिकडे पाहू लागली, लेकराला छातीशी धरून रडली आणि घरी गेली.

आबाजी म्हणाले, "बरं केलं, भाऊ." सगळेच तसं म्हणाले. ते लेकरू पुढे मोठं झालं, आजही भेटलं की वाकून नमस्कार करतं. वेलबाई काही परत आल्या नाहीत. त्यांना लेकीजवळच राहायचं असेल, असं मी स्वतःला समजावतो. पण बाईंनी यायचा शब्द दिला होता, आणि मी कबूल केलेल्या मुदतीतली एक संध्याकाळ आणि एक अख्खी रात्र अजून त्यांची होती. ती मी त्यांना दिली नाही.