खेळासाठी थांबवलेली ओळ

सरकारी वेळेत, सरकारी विजेवर, सरकारी कम्प्युटरवर मी खेळ खेळलो आहे. एकदा-दोनदा नाही, चांगलं दीड वर्ष. ही कबुली अर्धीच आहे, पण उरलेल्या अर्ध्याकडे जाण्याआधी एवढं सांगून टाकलेलं बरं.

तेव्हा मी चोवीस वर्षांचा होतो आणि ग्वाल्हेरमधल्या थाटीपुरच्या एका सरकारी कार्यालयात कंत्राटी ऑपरेटर होतो. बाहेर पडद्यावर चित्रं असलेले, माउसवाले कम्प्युटर आले होते. आमच्याकडे मात्र काळ्या पडद्याचं जुनं यंत्र होतं. चालू केलं की एक आडवी रेघ लुकलुकत राहायची आणि पुढे काय ते तुम्ही सांगायचं. चित्र नाही, बटण नाही, फक्त हुकूम. मला ते फार आवडायचं. दाल बाजारातल्या एका मित्राने मला फ्लॉपीवर विमानाचा खेळ दिला होता. दुपारी साहेब जेवायला घरी गेले की मी टाइप करायचो: आधी सी-डी हा हुकूम आणि फोल्डरचं नाव, एंटर. मग खेळाचं नाव, एंटर. क्षणभर पडदा पूर्ण काळा व्हायचा आणि मग निळं आकाश उघडायचं. त्या एका क्षणाची मजा पुढे कुठल्याच कम्प्युटरने मला दिली नाही.

अडचण एकच होती. खेळाला मेमरी लागायची आणि ती थोडक्यासाठी कमी पडायची. मेमरी खायची ती हिंदी. कार्यालयाचं सगळं काम हिंदीत, त्यासाठी यंत्रात एक वेगळं कार्ड बसवलेलं होतं आणि यंत्र चालू होताना एका फाइलमधल्या ओळीने ती हिंदी आत यायची. मी शोधून काढलं की त्या ओळीच्या आधी तीन अक्षरं टाकली की यंत्र ती ओळ वाचतच नाही. हिंदी बाहेर, विमान आत. खेळून झालं की तीन अक्षरं पुसायची, यंत्र पुन्हा चालू करायचं. या शोधाचा मला इतका अभिमान होता की कुणाला सांगता येत नाही याचंच दुःख व्हायचं.

ते दिवस राज्य दुभंगण्याचे होते. मध्य प्रदेशातून छत्तीसगड वेगळं निघत होतं आणि प्रत्येक खात्यातली माणसं दोन्हीकडे वाटली जाणार होती. चहाच्या टपरीवर नमस्काराऐवजी लोक विचारायचे, "इधर कि उधर?" आमच्या कार्यालयातल्या सगळ्यांची नावं, नोकरीची वर्षं आणि शेवटी शेरा अशी यादी मी टाइप करत होतो. ती भोपाळला जायची होती.

आमचे बडे बाबू, म्हणजे हेडक्लार्क, मराठी होते. कार्यालयात मी त्यांना बडे बाबू म्हणायचो, जिना उतरला की काका. त्यांचं घर आमच्या घरापासून दोन गल्ल्या पलीकडे, शहराच्या लष्कर भागातच. त्यांची पत्नी ग्वाल्हेरच्याच सरकारी शाळेत शिक्षिका होती. नवरा-बायको दोघे नोकरीत असतील तर त्यांना एका राज्यात ठेवायचं, असा नियम होता. पण काकांनी पत्नीच्या शाळेचा दाखला उशिरा दिला होता. हाताने लिहिलेल्या जुन्या यादीत त्यांच्या नावापुढे पत्नी इथे नोकरीत असल्याचा शेरा नव्हता, माझ्या नव्या यादीत होता. नवी यादी वेळेत गेली तर काका इथे, नाही तर जुनी जाणार आणि मग काय होईल ते देवालाच माहीत.

"दोनशे वर्षांपूर्वी आमचे पूर्वज दक्षिणेतून घोड्यावर बसून इथे आले," काका म्हणायचे. "आता मी अटॅची घेऊन बसने रायपूरला जाऊ? पुढच्या पिढीला काय सांगू, की आम्ही स्वारीवर गेलो होतो?"

हसत म्हणायचे, पण दिवसातून चार वेळा येऊन आपली ओळ बघून जायचे.

यादी जायच्या आदल्या दुपारी मी विमान उडवत होतो आणि साहेब लवकर परतले. जिन्यावर त्यांचा आवाज ऐकला आणि मी सरळ स्विच बंद केला. नंतर त्यांनी मला दुसऱ्या खोलीत नकाशांच्या कामाला बसवलं, ते संध्याकाळपर्यंत. तीन अक्षरं राहून गेली.

दुसऱ्या दिवशी सकाळी साहेब, काका, शिपाई आणि आणखी दोघे-तिघे माझ्याभोवती जमले. दुपारच्या गाडीने शिपाई यादी घेऊन भोपाळला जाणार होता. मी यादी उघडली. पडद्यावर कानडी नाही, चिनी नाही, असं काहीतरी उमटलं. चौकोन, बाण, डोक्यावर टिंब असलेली इंग्रजी अक्षरं.

मला एका क्षणात कळलं. तोंड उघडणार तेवढ्यात शिपाई म्हणाला, "साहब, बडे बाबू जूते पहनके अंदर आए हैं."

हे इथे समजावून सांगायला हवं. कम्प्युटरच्या खोलीत कुणी चपला-बूट घालून येत नसे. दाराबाहेर रांग लागायची, देवळाबाहेर लागते तशी. बुटांची धूळ यंत्राच्या आत जाते आणि ते बिघडतं, यावर साहेबांपासून झाडूवाल्यापर्यंत सगळ्यांची श्रद्धा होती. काका त्या सकाळी आपली ओळ बघायच्या घाईत बुटांसकट आत आले होते.

काकांनी खाली पाहिलं. स्वतःच्या बुटांकडे माणूस असा बघतो हे मी पहिल्यांदा पाहिलं.

"तीस साल की नौकरी हो गई, बडे बाबू," साहेब म्हणाले. "इतनी तमीज़ नहीं आई? अब पूरे दफ़्तर की लिस्ट आपके जूतों के नीचे."

"गलती हो गई, सर," काका म्हणाले.

मी बोललो नाही. एक वाक्य पुरलं असतं. उलट मी गंभीर चेहरा करून म्हणालो की सगळ्यांनी बाहेर थांबावं, यंत्र थंड व्हायला हवं, मग बघतो. त्यांच्यासमोर ती फाइल उघडली असती तर तीन अक्षरं दिसली असती, आणि कुणी विचारलं असतं की ही कशाला. सगळे निघाले. काका दारात बूट काढून ते हातात धरून उभे राहिले, तेव्हाही मी काही बोललो नाही.

तीन अक्षरं पुसायला दहा सेकंद लागली, यंत्र पुन्हा चालू व्हायला दोन मिनिटं. हिंदी आली. पण इतक्या लवकर दार उघडलं तर बिघाड मोठा वाटणार नाही, म्हणून मी अर्धा तास आत बसलो. खोट्या खोट्या कळा दाबल्या, पेचकस टेबलावर आपटला. बाहेरून काका हळूच विचारत होते, "बेटा, काही होतंय का रे? गाडी आहे."

"बघतोय, काका."

त्या अर्ध्या तासाची मला सगळ्यात जास्त लाज वाटते.

शेवटी दार उघडलं आणि सगळ्यांनी माझी पाठ थोपटली. प्रिंटर मात्र हिंदीची एकेक ओळ तीनदा फिरून छापायचा, करकर करत, आपल्याच तालात. शेवटचा कागद निघाला तेव्हा गाडीला पंचवीस मिनिटं होती. काकांनी शिपायाला स्कूटरवर मागे बसवलं आणि किक मारली. बूट व्हरांड्यातच राहिले. मोज्यांवर स्कूटर चालवत ते स्टेशनकडे निघाले, आणि साहेबांसह आम्ही सगळे गॅलरीत उभे राहून ते बघत होतो. तासाने परत आले तेव्हा एका मोज्यातून अंगठा बाहेर आला होता. "मिळाली," ते म्हणाले. "चालत्या गाडीत चढवला त्याला. यादी आधी, माणूस नंतर."

सगळे हसले. मीही हसलो.

काही महिन्यांनी आदेश आले. शेरा मान्य झाला होता, काका ग्वाल्हेरलाच. त्यांनी मला घरी बोलावलं. काकूंनी श्रीखंड केलं होतं. पहिली वाटी माझ्यापुढे ठेवत काका म्हणाले, "हा मुलगा नसता ना, तर मी आता रायपूरला खोली शोधत असतो. खा रे, तुझाच प्रताप आहे."

चमचा हातात घेतला आणि मला जमेना. मी सगळं सांगितलं. विमान, तीन अक्षरं, अर्धा तास. काकू स्वयंपाकघराच्या दारात उभ्या राहून ऐकत होत्या.

काका मागे टेकून बसले. मग म्हणाले, "म्हणजे हिंदी काढून विमान?"

"हो."

"आणि धुळीने काहीच होत नाही?"

"एवढ्या धुळीने नाही, काका."

त्यांच्या खांद्यांना हिसके बसू लागले. मला वाटलं रडतात की काय. ते हसत होते. "अगं ऐकलंस का? मी स्टेशनपर्यंत मोज्यांवर गेलो ग!"

"मी उद्या साहेबांना सांगतो," मी म्हणालो.

"काही सांगू नकोस. तुझं कंत्राट जाईल आणि मी खाल्लेली बोलणी काही परत जाणार नाहीत." हसू ओसरलं तसे ते माझ्याकडे नीट बघत म्हणाले, "पण एक सांग. मला बोलत होते तेव्हा तुला काय वाटत होतं?"

वाईट वाटत होतं, असं म्हणता आलं असतं. तेही थोडं खरं होतं.

"सुटलो असं वाटलं, काका."

त्यांनी मान हलवली. काकूंनी पुढे येऊन माझ्या वाटीत आणखी एक चमचा श्रीखंड घातलं, आणि मला ते सगळं संपवावं लागलं.

साहेबांना मी कधीच सांगितलं नाही. काका नको म्हणाले म्हणून, असं मी बरीच वर्षं स्वतःला सांगत आलो. खरं म्हणजे ते नको म्हणाले याचा मला तेव्हा आनंद झाला होता.