पाठमोरी पावलं

झिपरूबाबाचा माग चुकत नाही, ही हरसूलच्या आसपासच्या पाड्यांवरची जुनी खात्री. बैल चोरीला गेला की लोक पोलिसांच्या आधी त्याला गाठायचे. तो उकिडवा बसायचा, मातीला गाल लावल्यागत वाकायचा आणि बोलायला लागायचा. "बैल तुमचाच. मागचा डावा पाय झाडतो. नेणारा एकटा. वाटंत वढ्याला बैलाला पाणी पाजलंय, म्हणजे त्याला घाई नव्हती. घाई नव्हती म्हणजे त्याला ठावं व्हतं, तुम्ही घरी नाय. म्हणजे चोर तुमच्या वळखीतला." आणि ओळखीतलाच निघायचा. शाळेत दोन इयत्ता गेलेला माणूस, पण एकातून दुसरं आणि दुसऱ्यातून तिसरं असं काढत न्यायचा, की वकिलानं बसून ऐकावं.

पाच वर्षांपूर्वी हेच डोकं एका बाईच्या मुळावर उठलं.

पावसाळा सरत आला होता. हिरामणचं दोन वर्षांचं पोरगं, लखन, तीन दिवस तापानं फणफणत होतं. घरच्यांनी भगत बोलावला. भगतानं सुपात तांदळाचे दाणे टाकले, जोड्या लावल्या, एक दाणा उरला. "नजर हाय," तो म्हणाला. "बाईमाणसाची. मावळतीकडची."

मावळतीला घर एकच होतं, बयाबाईचं. नवरा मेलेला, मूलबाळ नाही, जीभ मिरचीसारखी.

तरी हिरामण अडला. "नुसत्या दाण्यांवर मी कुणाचं नाव घेणार नाय. झिपरूबाबाला बोलवा." म्हणजे बघा, माणूस काही डोळे मिटून चालणारा नव्हता. त्याला पुरावा हवा होता.

सकाळी झिपरू आला. अंगण ओलं, पावलं ताजी. आत पोरगं कण्हत होतं, बाहेर सगळा पाडा उभा. झिपरू वाकला.

"बाई हाय. अनवाणी. उजवा पाय बाहेर टाकती."

लोकांनी एकमेकांकडं पाहिलं. तसा पाय टाकणारी पाड्यात एकच होती.

"दारापातूर सरळ आली. थांबली. आन जाताना..." तो थबकला, पुन्हा वाकला. "जाताना पाठमोरी गेली. तोंड दाराकडंच. चवडा आधी रुतलाय, टाच मागनं."

खोटं एक अक्षर नव्हतं त्यात. पण भुताळी उलट्या पावलांनी परतते, हे त्या पाड्यात शेंबड्या पोरालाही ठाऊक. पुढचं कुणाला सांगावं लागलं नाही.

बयाबाईला घरातून ओढून काढली तेव्हा ती ओरडत होती, "अरं, करडू न्यायला गेलते मी! माझं करडू शिरलं व्हतं त्याच्या अंगणात!"

क्षणभर हात थांबले. सगळ्यांनी झिपरूकडं पाहिलं. 'थांबा, पुन्हा बघून येतो,' एवढं तो म्हणाला असता तर पुढचं टळलं असतं. करडाचे खूर त्यानं पाहिले होते. पण पाड्यात खूर कुठं नसतात? कचरा समजून त्यानं ते सोडून दिले होते. आणि आता इतक्या लोकांसमोर मागं फिरायचं? झिपरूनं?

"करडू नेणारा दावं धरून वढतो," तो म्हणाला. "आन दावं वढणारा पुढं बघून चालतो. पाठमोरा नाय."

मग कुणी केस धरले, कुणी दगड उचलला. तिची भांडी वाटेवर फेकली, दाराला कुलूप ठोकलं. दुपारच्या आत बया ओढ्यापलीकडं. लोक घामाघूम होऊन हिरामणच्या घरी परतले, तर लखन गेलेला.

जगला असता तर म्हणाले असते, बघा, ती गेली आणि पोरगं उठून बसलं. मेला, तर म्हणाले, जाता जाता घेऊन गेली. या तराजूला पारडं एकच. जादूटोण्याविरुद्ध कायदा आहे, पण तक्रार द्यायला कुणी पाड्यातून उतरलंच नाही. आणि शहरातल्यांनी उगाच हसू नये. तुमच्या सोसायटीत सायकल हरवली की पहिलं नाव धुणीभांडीवालीचं निघतं. तिथं तर कुणी वाकून मातीसुद्धा बघत नाही.

तीन वर्षं झिपरू ताठ मानेनं फिरला. मग त्याच्या सुनेनं, सवितानं, बचत गटातून एक शेळी आणली. झिपरू बैलांचा माणूस, त्याच्या घरात उभ्या जन्मात शेळी नव्हती. शेळी व्याली, करडू मोठं झालं. एका सकाळी ते परसात हट्ट धरून बसलं. सवितानं दावं सोडलं, मूठभर पाला घेतला, त्याच्या तोंडाशी धरला आणि एकेक पाऊल मागं सरकत चालू लागली. करडू मुकाट पाठोपाठ.

पडवीत बसलेल्या झिपरूची नजर सवयीनं मातीवर गेली. चवडा आधी रुतलेला, टाच मागून. आणि पावलांवर, थेट पावलांवर, चिमुकले दुभंगलेले खूर.

"सविता," तो पडवीतूनच वाकून म्हणाला. "पाठमोरी का गेलीस गं?"

"मग काय करू? दावं घातलं की पाय रोवतंय मेलं. समोर पाला धरला की येतंय. सगळ्याच बाया असंच नेतात की, बाबा. तुमाला नाय म्हाईत? एवढे मागकरी तुमी!"

ती हसत गोठ्यात गेली. झिपरू तिथंच बसून राहिला. त्या दिवशीही खूर पावलांवरच होते. म्हणजे खूर पाठोपाठ होते. म्हणजे... पुढचं त्याला स्वतःशीसुद्धा म्हणवेना.

दुसऱ्या दिवशी उजाडताना तो अंगणात आला, तर तिथं पावलं. अनवाणी, उजवा पाय बाहेर टाकणारी. दारापर्यंत आलेली आणि पाठमोरी गेलेली. त्यानं हात फिरवला, माती सपाट होती. तळहाताला काही लागत नव्हतं, डोळ्यांना दिसत होतं. तिसऱ्या दिवशी तेच, महिनाभर तेच. लोक बैलाचा माग काढायला बोलवायला आले की तो म्हणायचा, डोळे गेले. डोळे कुठले जातात! नको ते वाचायला शिकले होते.

शेवटी त्यानं देवळापुढं बैठक बोलावली. सविताला करडू आणायला लावलं, सगळ्यांसमोर पाला धरून चालायला लावलं. आधी लोक हसले. मग त्यानं मातीकडं बोट दाखवलं आणि हसू विझलं.

"माग बराबर व्हता," झिपरू म्हणाला. "अर्थ मी चुकीचा काढला. ती खरं बोलत व्हती. बयाला घरी आणायची."

भगत धोतर झटकून निघून गेला. म्हातारे खाली बघत "आणा बाबा, आणा" म्हणाले. तेवढ्यात मागून हिरामण उठला.

"बाई भुताळी नाय. बरं. मग माझं पोरगं कशानं मेलं?"

तो झिपरूच्या पुढ्यात येऊन उभा राहिला.

"सांग की, बाबा! बैल कोणी नेला ते सांगतोस. माझं पोरगं कोणी नेलं, सांग!"

उत्तर प्रत्येकाच्या जिभेवर होतं. ते गिळून बैठक उठली.

बयाबाई नाशकात आहे, एवढंच माहीत होतं. झिपरू तीनदा गेला. तिसऱ्या खेपेला पेठ रोडच्या मजूर नाक्यावर ती दिसली. द्राक्षबागेच्या कामाला न्यायला टेम्पो येतो, त्याची वाट बघत फुटपाथवर बसलेली. त्यानं सगळं सांगितलं. तिनं तंबाखू मळता मळता ऐकलं.

"मी करडू-करडू वरडत व्हते. तवा कानात काय माती घातलीवती, झिपरूदादा?"

"घातलीवती," तो म्हणाला. "घरी चल, बया. पाडा तयार हाय."

"पाड्याचं काय सांगतोस! हिरामणच्या अंगणातनं माझं नाव निघालं. त्यानं येऊन बोलवावं."

"तो नाय यायचा. तू भुताळी नसशील, तर पोराला त्यानंच..."

"मला ठावं हाय," बयाबाई म्हणाली. "म्हणून तर त्यानंच यावं."

टेम्पो आला. ती चढली.

तेव्हापासून झिपरू रोज सकाळी हिरामणच्या पायरीवर जाऊन बसायचा. हिरामण त्याला ऊठ म्हणायचा नाही, बस म्हणायचा नाही. दोन महिने असे गेले. मग एके दिवशी कोयत्याला धार लावता लावता, वर न बघता, त्यानं विचारलं, "तू माग काढत व्हता, तवा लखन रडत व्हता?"

"कण्हत व्हता."

"दवाखान्याला न्यायला फाट्यावर जीप व्हती?"

"व्हती. सीटं भरायची वाट बघत उभी."

"आपण बयाच्या घराकडं वळलो, तवा?"

झिपरूला खोटं बोलता आलं असतं. "उभीच व्हती," तो म्हणाला. "तुझ्यामागं मी बी व्हतो, हिरामण. आपण जीपच्या पुढनंच गेलो."

कोयता दगडावर तसाच राहिला. हिरामण आत गेला आणि बाजाराला घालायचा सदरा चढवून बाहेर आला. दोघं फाट्यापर्यंत चालत गेले, जीपमध्ये शेजारी बसले. नाशकात उतरून नाक्यावर आले. हिरामण बयाबाईसमोर उकिडवा बसला आणि तिचं बोचकं उचलून खांद्यावर घेतलं.

बयाबाई घरी आली त्याला आता आठ महिने झाले. लोक तिला राम-राम घालतात, हळदीला बोलावतात. ती जाते, चार शब्द बोलते, परत येते. फक्त एक आहे. अंगणात शिरली की ती केरसुणी घेते आणि वाटेपासून उंबऱ्यापर्यंत माती झाडत येते, मागं एक पाऊल उरू देत नाही. दिवसातून पाच-सहा वेळा. शेजारणी म्हणतात, किती निर्मळ बाई!

झिपरू तिच्या घरावरून जाताना मान वर करून चालतो, मातीकडं बघत नाही. परवा असाच ठेचकाळून पडला.