ओंजळीचा शॉट

जुनी फिल्म शोधत फिरणाऱ्या माणसाकडं फिल्म कमी आन् किस्सेच जास्त साठतात. सत्त्याहत्तर साली मी माहितीपट काढणाऱ्या एका साहेबांकडं हेच काम करायचो. त्यांना बहात्तरच्या दुष्काळातल्या रस्त्याच्या कामाचं चित्रण पाहिजे होतं. वर अट, "गाव कुठलं, माणूस कोण, हे सांगणारा साक्षीदार आण. नाहीतर शॉट कचऱ्यात."

०

शिरूरच्या बाजारात मी कर्ण्यावरून पुकारा केला, "जुनी फिल्म असंल तर घेऊन या." तासाभरात ही रांग! पहिल्या आप्पांनी मोठा लिफाफा पुढं केला. आत छातीचा एक्स-रे.

"बघा बरं, डाग हाय का गेला?"

मागची सगळी रांग तसल्याच लिफाफ्यांची. कपाळाला हात लावला मी.

०

शेवटी दौंडला, वारलेल्या एका ओव्हरसिअरच्या घरी, ज्वारीच्या कणगीत एक डबा सापडला. चिठ्ठीवर एकच शब्द, 'रस्ता'.

"कुठला रस्ता, मामी?" मी त्यांच्या बायकोला विचारलं.

"जल्मभर रस्तंच केलं की त्यांनी. आता इचारू कुणाला?"

०

दौंड स्टेशनवर हवालदारानं डबा अडवला. दुसरी कॉपी नव्हती, एक ओरखडा पडला असता तरी सगळं मुसळ केरात. त्यानं वीतभर फिल्म ओढली, उन्हात धरली, निवांत बघितली.

"ह्यात पन्नास माणसं दिसत्यात. तिकीट एकच?"

०

फिल्ममध्ये मागं एक टेकडी होती. तिच्यावरून गाव ताडलं, न्हावऱ्याच्या अलीकडचं. नाव सांगत नाही. शाळेच्या खिडक्यांना घोंगड्या लावल्या आन् भरदुपारी प्रोजेक्टर चालू केला. पुढं सरपंच आबा, मागं अख्खं गाव.

पडद्यावर बाकीचे मजूर रांजणातून आपल्या हातानं पाणी घेत होते. एक बाई मात्र लांब बसलेली, तोंडावर पदर, हातांची ओंजळ. कुणीतरी वरून, तांब्या लागू न देता, पाणी ओतत होतं. ओतणाऱ्याचा नुसता हात दिसत होता.



"हे आमचं गाव न्हाई," सरपंच म्हणाले. "आमच्यात असलं कवाच नव्हतं."

"कुणी ओळखतं का?" मी विचारलं. सगळ्यांच्या माना खाली. मला खरंच भीती वाटायला लागली होती.

बौद्धवाड्यातल्या ठमाबाई मागून उठल्या. त्या सरपंचांच्याच शेतात खुरपायला जायच्या. आज तोंड उघडलं तर उद्या काम नाही, हे त्यांना ठाऊक होतं आन् गावालाही.

"ती मी हाय."

"पदर हाय तोंडावर. कशावरनं तू?" सरपंचांनी विचारलं.

मी शॉट मागं घेऊन पुन्हा लावला. ठमाबाई पडद्याजवळ गेल्या आन् उजेडात ओंजळ धरली. पडद्यावर दोन ओंजळी दिसल्या, एक फिल्ममधली, एक सावलीची. दोन्हींत एक करंगळी सारखीच वाकडी.

ठमाबाईंनी हात खाली घेतले नाहीत.

"आन् पानी कोन ओततंय, ते बी सांगू का, आबा?"