मंजूरचा उकार

शिक्केवाल्याला अक्षरं उलटी वाचायची सवय होती. रबरावर अक्षर उलटं कोरावं, तेव्हा ते कागदावर सुलटं उमटतं. आयुष्यात एकदाच त्याची गफलत झाली. बावीस वर्षांपूर्वी परवाना कार्यालयाचा ‘मंजूर’ कोरताना उकार उलटा करायचा राहिला आणि दीर्घाचा ऱ्हस्व झाला. ‘मंजुर’. आज ना उद्या कुणीतरी त्यावर बोट ठेवणार, या धास्तीत त्याने बावीस वर्षं काढली. कुणी ठेवलं नाही. मागच्या महिन्यात तो शिक्का झिजला आणि कार्यालयाने नवा मागवला. त्याने गुपचूप उकार सुधारला आणि त्या दिवशी दोन घास जास्त जेवला.

नव्या शिक्क्याचा पहिला कागद निघाला, तो त्याच्याच दुकानाच्या परवान्याचा.

“काका, हा शिक्का खोटा आहे,” खिडकीतल्या बाई म्हणाल्या. “जुन्या फायली बघा. सगळीकडे उकार ऱ्हस्व.”

“बाई, तुमच्याच वरच्या टेबलावर मारलाय हो.”

“टेबल खरं आहे. शिक्का खोटा.”

“आधीचा चुकीचा होता. हा मीच सुधारून दिला.”

बाईंनी चष्मा काढला. “म्हणजे बदलला हे कबूल करताय? अहो, चुकीचा असता तर बावीस वर्षं चालला असता का? उद्या पाचपर्यंत खरा शिक्का आणून द्या. नाहीतर दुकानाला सील.”

“खरा आणू कुठून?”

“बनवतं कोण? तुम्हीच ना?”

घरी बायकोने सगळं ऐकून घेतलं. “अहो, एक शेपूट वळवायचं. त्यात एवढं काय?”

“चूक मुद्दाम करायची?”

“बावीस वर्षं सांभाळलीत की. लेकरासारखी.”

सकाळी तो पातं घेऊन बसला. तेव्हा चूक हातून झाली होती. आता हाताला ती मुद्दाम करता येत नव्हती. चार रबरं वाया गेली. प्रत्येक वेळी उकार आपसूक दीर्घ वळला. पाचवं जमलं, तेव्हा साडेचार वाजले होते. तो धापा टाकत खिडकीशी पोचला. बाईंनी शिक्का परवान्यावर दाबला. ‘मंजुर’.

“बघा, मन लावलं की जमतं नीट लिहायला!”

दुकान वाचलं. दुसऱ्या दिवशी शाळेतल्या एक शिक्षिका आल्या. वह्या तपासायला त्यांना ‘अपूर्ण’ असा शिक्का हवा होता. पातं ‘प’च्या खाली आलं आणि थांबलं.

“उकार कोणता काढू?”

त्या हसल्या. “बरोबर असेल तो.”

शिक्केवाल्याने पातं खाली ठेवलं आणि दबक्या आवाजात विचारलं, “पण बाई, तुमच्याकडे आधीचा कसा होता?”