आबांना सांगितलेला शेवट

काल लेकीनं मोबाइलवर जुना इंग्रजी सिनेमा लावला. ओली टोपी खुंटीला अडकवणारा तो खासगी गुप्तहेर मी लगेच ओळखला आणि हातातला चहा तसाच निवत राहिला.

मी कॉलेजात असताना थोरला भाऊ वाळूजच्या कारखान्यात शिफ्टला म्हणून गेला, तो परतलाच नाही. आबा, म्हणजे आमचे वडील, रोज फुलंब्रीहून शहरात येऊन पोलिसांत विचारायचे. एके दिवशी पोलीस "चार वाजता या" म्हणाले, म्हणून मी त्यांना कॉलेजच्या हॉलमध्ये पंख्याखाली बसवलं. तिथं हाच सिनेमा चालू होता.

मूळचं नाटक, त्यामुळं सगळं एकाच खोलीत. हरवलेला मुलगा शोधून द्या म्हणून एक म्हातारी गुप्तहेराला विनवत होती. आबा पुढं सरकले. मी कानात एकेक वाक्य मराठीत सांगत होतो. शेवटी तो तिच्यापुढं उभा राहून हळूच बोलला, तशी ती कोसळली.

"काय म्हणला रं?" आबांनी माझं मनगट आवळलं.

मुलगा मेल्याचं तो सांगत होता. मी म्हणालो, "सापडला. घरी येतोय."

"मग रडती कशाला?"

"आनंदानं, आबा."

बाहेर आल्यावर म्हणाले, "सिनेमा हाय, कळतंय मला. पण असा माणूस असंल ना कुठंतरी?"

मरेपर्यंत आबांनी पितृपक्षात दादाचं पान वाढू दिलं नाही. आता आबांचं पान मी वाढतो. दादाचं वाढायला हात उचलत नाही. घरी येतोय, असं मीच सांगितलंय ना.