आपा आधी जेवले तेव्हा

आईचा फोन आला तेव्हा मी मुलुंडच्या ऑफिसात होते. तिनं आधी विचारलं, जेवलीस का? हो म्हटल्यावर म्हणाली, "आपा गेले." उपाशी माणसाला वाईट बातमी सांगायची नाही, ही तिची रीत.

आपा म्हणजे माझे वडील. आम्ही चिनी वंशाचे, पण आजोबांपासून अंधेरीतच. स्टेशनजवळ आपांचं कवळ्या बनवायचं दुकान होतं. हातातली कला आजोबांची, शाळा जेमतेम सातवीपर्यंत. घरातली पहिली पदवीधर मी, आणि हे मी आजही अभिमानानंच सांगते.

आमच्याकडे जेवायला बसलं की धाकट्यानं मोठ्यांना हाक मारायची असते. "आपा, सित फान." म्हणजे, आपा, जेवा. हाक आल्याशिवाय आपा भाताच्या वाडग्याला हात लावत नसत. लहानपणी मी ती हाक गाण्यासारखी म्हणायचे. कॉलेजात असताना एकदा माझी मैत्रीण सायली जेवायला आली. मी हाक मारली, तशी ती खळखळून हसली, "तू परमिशन दिलीस की मग काका जेवणार? भारीच यार." तिच्या मनात काही नव्हतं. आपाही हसले. माझे मात्र कान तापले... पुढच्या वेळी ती आली तेव्हा हाक मारू की नको, या विचारात मी मान खाली घालून बसले. तेवढ्यात आपांनी चॉपस्टिक उचलल्या आणि आज फार भूक लागली बुवा, म्हणत जेवायलाच लागले. मला इतकं हायसं वाटलं! वाटलं, चला, आपा सुधारले. मग रोजच ते आधी जेवू लागले. माझी हाक सुटली ती सुटलीच. त्यांनी ती कधी मागितली नाही.

गेलेलं माणूस सातव्या दिवशी घरी जेवायला येतं, असं आमच्यात मानतात. आईनं आपांचा वाडगा भरला आणि मला म्हणाली, हाक मार. मी म्हटलं, त्यांना त्याचं कुठे काय होतं? त्यांनी तर कधीच सोडलं होतं ना ते?

आई वाढता वाढता थांबली. "त्यांनी नाही गं सोडलं. म्हणाले, पोरीला आपल्याच घरात लाज वाटायला लागलीय. त्यापेक्षा मीच आधी जेवतो."

त्या हायसं वाटण्याची आता इतकी लाज वाटते, की सायलीलाही हे अजून सांगितलेलं नाही... आपांचा निळ्या काठाचा वाडगा रोज मांडते. हाक मारते, शेजारी ऐकू जाईल अशी. मग भाताची वाफ निवेपर्यंत मला घास घेववत नाही.