थाक पिल-सूचा गुडघा

थाक पिल-सूच्या घरात औषधाची पेटी नव्हती. परसात ट्वेन्जांगचं मडकं होतं, आंबवलेल्या सोयाबीनच्या लगद्याचं, आणि पिल-सूच्या मते तेच इस्पितळ. गांधीलमाशी चावली, लाव ट्वेन्जांग. हात भाजला, लाव ट्वेन्जांग. यमदूत आला असता तर त्यालाही फासला असता पठ्ठ्याने!

छुसॉकचा, म्हणजे कोरियातला पितरांना पुजायचा सण तोंडावर आला, तसे दोघे भाऊ वडिलांच्या थडग्याच्या उंच मातीच्या ढिगावरचं गवत कापायला गेले.

"दादा, वर चढू नकोस, घसरशील," धाकटा पिल-हो म्हणाला.

"माझा बाप मला पाडेल होय रे?" म्हणत पिल-सू चढला, आणि बापाने त्याला पाडलं. गुडघा चांगलाच सोलवटला. माती आत, खडे आत.

"पाण्याने धू, साबण लाव, खडे काढ, मग पट्टी बांध."

"तूच बांध! शहरात राहून तुझं कातडं लोण्याचं झालंय."

घरी येऊन त्याने न धुताच मूठभर लगदा थापला.

"अहो, ते सूपसाठी आहे!" बायको सुन-ए ओरडली.

"झोंबतंय, म्हणजे लागू पडतंय," पिल-सू म्हणाला. डोळ्यांत पाणी, पण तोरा कायम. अक्कल गहाण टाकलेल्या माणसाला कोण समजावणार?

सणापर्यंत गुडघा लालबुंद, गरम, टम्म फुगलेला. कुत्री वास घेत मागे फिरायची. पण पितरांपुढे दारूचा पहिला पेला आणि गुडघे टेकून पहिला नमस्कार थोरल्याचा. गुडघा टेकला नाही, तर तो मान पिल-होला जाणार, तोही सगळ्या भाऊबंदांदेखत. त्यापेक्षा मेलेलं बरं!

म्हणून त्याने गुडघा टेकला. आतला पू फुटला आणि पिल-सूने असा हंबरडा फोडला की फळांच्या थाळ्या हादरल्या.

म्हाताऱ्या चुलत्यांचे डोळे भरून आले. "बघा रे पोरांनो! बाप जाऊन इतकी वर्षं झाली, अजून रडतोय. मुलगा असावा तर असा! पिल-सू, आता आजोबांनाही तूच नमस्कार घाल. मग पणजोबांना."

पिल-सूने घातले. प्रत्येक वेळी रडला, आणि प्रत्येक वेळी चुलते जास्त गहिवरले. पिल-हो खाली मान घालून हसू दाबत होता.

पाहुणे गेल्यावर पिल-सू परसात पाय पसरून बसला. "धू बाई," तो बारीक आवाजात म्हणाला.

सुन-एने साबण-पाण्याने धुतलं, एक काळा खडा बाहेर काढला आणि स्वच्छ पट्टी बांधली. "उद्या सकाळी दवाखान्यात चला, इतकं चिघळलेलं घरी बरं व्हायचं नाही. पण अहो, पुढच्या सणाला गुडघा बरा असेल. चुलते रडण्याची वाट बघत बसतील. तेव्हा काय कराल?"

पिल-सू पट्टीकडे बघत राहिला. मग हळूच त्याची नजर मडक्याकडे गेली.